राखीव प्रतीचा अधिकार

भारतीय कॉपीराइट कायदा, १९५७ याच्या दुसऱ्या कलमात 'साहित्यकृती' या संज्ञेची व्याख्या दिलेली आहे. तीत कोष्टके आणि संकलने यांच्या जोडीने संगणक-आज्ञावलीचाही समावेश आहे. संगणकीय खेळातली चित्रे, संगीत यांचा विचार कायदा वेगळ्या खात्यांत करतो. परंतु तो खेळ ज्या आज्ञावलीवर उभा असतो ती कायद्याच्या दृष्टीने कादंबरीच्या आणि कवितासंग्रहाच्या पंगतीला बसते. साहित्याच्या अभ्यासकांनी ही व्याख्या फारशी मनावर घेतलेली नाही, आणि ते स्वाभाविकही आहे. कायदेकारांनी ती वाङ्मयीन मूल्यांचा विचार करून केलेली नाही, संरक्षणाच्या सोयीसाठी केली आहे. तरीही ती एकदा मनावर घेऊन पाहावी असे आम्हांला वाटते. एखाद्या वस्तूला साहित्यकृती म्हटले की आपल्या ओळखीचे काही जुने प्रश्न तिच्यापाशी येऊन उभे राहतात. तिची प्रत कोणाकडे आहे? ती किती काळ टिकेल? आणि ती टिकवण्याचा अधिकार कोणाचा?

हे प्रश्न आम्ही एका लहानशा, काहीशा बदनाम उद्योगाच्या निमित्ताने विचारीत आहोत. हातात धरून खेळायच्या यंत्रात कंपनीच्या परवानगीवाचून फेरफार करायचे आणि आपण विकत घेतलेल्या खेळांच्या राखीव प्रती काढून ठेवायच्या, असा हा उद्योग. कंपन्यांच्या भाषेत त्याची गणना चोरीच्या आसपास होते. असे करणारे स्वतः त्याला 'बॅकअप' म्हणतात. यातल्या पुष्कळशा कामाला जतन हाच शब्द लागू पडतो, असे आमचे मत आहे. ते का आणि कोणत्या मर्यादेपर्यंत, हे पुढे मांडतो.

प्रथम एक उदाहरण घेऊ. निन्टेंडो या जपानी कंपनीचे 'थ्रीडीएस' हे यंत्र २०११ साली बाजारात आले. त्याचे खेळ दोन वाटांनी मिळत. एक वाट छोट्या कार्डाची. टीव्हीला जोडायच्या जुन्या खेळयंत्रांच्या काळी आपल्याकडची मुले जिला 'कॅसेट' म्हणत, तिचीच ही धाकटी बहीण. दुसरी वाट कंपनीच्या 'ई-शॉप' नावाच्या ऑनलाइन दुकानाची. २०२० साली या यंत्राचे उत्पादन थांबले. २७ मार्च २०२३ रोजी ई-शॉपवरील खरेदी बंद झाली आणि एप्रिल २०२४ मध्ये या यंत्रावरून ऑनलाइन खेळण्याची सोयही कंपनीने काढून घेतली. त्याआधीच्या डीएसआय या यंत्राचे दुकान २०१७ सालीच मिटले होते.

या दुकानात २०१३ साली 'अटॅक ऑफ द फ्रायडे मॉन्स्टर्स' नावाचा एक खेळ आला. काझ आयाबे या जपानी दिग्दर्शकाची ही कृती. काळ १९७१चा, स्थळ टोकियोचे एक उपनगर. तिथे नव्यानेच राहायला आलेला सोहता हा मुलगा, त्याच्या आईवडिलांचे कपडे धुण्याचे दुकान, दूरचित्रवाणीवरच्या राक्षसांच्या मालिकांनी भारलेली मुलांची टोळी आणि शुक्रवारी खरोखरच अवतरणारे राक्षस, एवढे हे जग. मुलाच्या नजरेला जे दिसते त्यातले खरे किती आणि मोठ्यांनी त्याच्यापासून झाकून ठेवलेले किती, या संभ्रमावर सारी रचना उभी आहे. काही तासांत संपणारी ही कृती दीर्घकथेच्या जातीची म्हणता येईल. बालनिवेदकाची कथा शिकवणाऱ्या प्राध्यापकाला ती वर्गात न्यावीशी वाटली तर आम्हांला नवल वाटणार नाही. परंतु तिचा इंग्रजी अवतार कार्डावर आला नाही. तो फक्त ई-शॉपवर विकला गेला. २७ मार्च २०२३ नंतर तो नव्याने विकत घेण्याची वाट उरलेली नाही. एखाद्या पुस्तकाची आवृत्ती संपते तेव्हा रद्दीवाला असतो, जुन्या पुस्तकांचा विक्रेता असतो, ग्रंथालय असते. इथे यांपैकी कोणीच नाही.

मग ज्याने ती कृती वेळेवर विकत घेतली त्याच्यापाशी तरी काय आहे? दुकान बंद करताना कंपनीने आधी घेतलेले खेळ पुन्हा उतरवून घेण्याची सोय चालू ठेवली. ती किती काळ चालू ठेवायची हे मात्र कंपनी ठरवणार. म्हणजे मालकाच्या हाती उरते ते यंत्रातले मेमरी कार्ड. ते संगणकाला जोडून त्यातल्या साऱ्या फायली दुसरीकडे उतरवता येतात आणि पुष्कळांना वाटते की झाली राखीव प्रत. इथेच फसगत होते. त्या फायली कूटबद्ध असतात आणि त्या उलगडणारी किल्ली प्रत्येक यंत्राची निराळी असते. यंत्र पाण्यात पडले, चोरीला गेले किंवा वयोमानाने बंद पडले की दुसऱ्या यंत्राला ते कार्ड वाचता येत नाही. मालकाच्या हाती प्रत असते, पण तिची लिपी वाचणारा एकमेव वाचक गेलेला असतो.

डिजिटल खरेदीचे खरे स्वरूप यातून दिसते. आपण 'विकत घेतो' असे म्हणतो तेव्हा कराराच्या बारीक अक्षरांत केवळ वापराचा परवाना मिळत असतो. कॅलिफोर्निया राज्याने २०२४ साली केलेला आणि १ जानेवारी २०२५पासून लागू झालेला कायदा डिजिटल विक्रेत्यांना ही गोष्ट ग्राहकाला स्पष्ट सांगावयास लावतो. ग्राहकाला सत्य कळते हे चांगलेच; पण सत्य कळल्याने प्रत टिकत नाही. सोनी कंपनीने मार्च २०२१मध्ये आपल्या व्हिटा या हातातल्या यंत्राचे दुकान बंद करण्याचे जाहीर केले आणि ग्राहकांच्या नाराजीनंतर एप्रिलमध्ये तो निर्णय फिरवला. निर्णय फिरला याचा आनंद मानताना एक गोष्ट विसरून चालणार नाही. तो एका कंपनीच्या मर्जीने झाला होता आणि तिच्याच मर्जीने फिरला. मर्जीवर टिकणाऱ्या वस्तूला संग्रह म्हणता येत नाही.

यंत्रात फेरफार करणारा मालक नेमके काय करतो, हे आता पाहू. या उद्योगाविषयी बोलणाऱ्यांपैकी फार थोड्यांनी तो जवळून पाहिलेला असतो. थ्रीडीएसच्या मूळ प्रणालीबरोबर 'ल्युमा' नावाची शौकिनांनी लिहिलेली आज्ञावली बसवली की यंत्राची दारे मालकाला उघडतात. त्यानंतर 'गॉडमोड नाइन' या साधनाने तो आधी यंत्राच्या संपूर्ण अंतर्गत स्मृतीची नक्कल काढतो, कारण यंत्राची स्वतःची ओळख आणि किल्ल्या तिथे असतात. मग आपल्याजवळची कार्डे एकेक करून घालतो आणि प्रत्येकाची एक फाईल तयार करतो. दुकानातून उतरवलेले खेळ त्या यंत्राच्या किल्लीतून सोडवून घेतो. शेवटी प्रत्येक खेळात आपण कुठवर पोहोचलो याची नोंद, जिला खेळणारे 'सेव्ह' म्हणतात, ती वेगळी काढतो. सगळे संगणकावर उतरवून त्याच्या दोन-तीन प्रती निरनिराळ्या ठिकाणी ठेवतो. हे काम वेळखाऊ आणि कंटाळवाणे आहे. त्यात साहस फारसे नाही. नीटनेटकेपणा मात्र पुष्कळ लागतो.

यातला एक टप्पा साहित्याच्या विद्यार्थ्यांना विशेष ओळखीचा वाटेल. कार्डावरून काढलेली नक्कल बिनचूक आहे की नाही, हे केवळ खेळ सुरू होतो यावरून ठरत नाही. संपर्काच्या पट्ट्यांवर धूळ असली तरी एखादा अंश चुकीचा वाचला जाऊ शकतो आणि ती चूक खेळाच्या दहाव्या तासाला उघड होते. म्हणून त्या फाईलवरून गणिती रीतीने एक आकडा काढतात. फाईलमधला एकच अंश बदलला तरी तो आकडा सर्वस्वी बदलतो. शौकिनांनी अशा आकड्यांच्या याद्या केल्या आहेत. 'नो-इंट्रो' ही त्यांतली प्रसिद्ध यादी. अनेकांनी अनेक कार्डांवरून स्वतंत्रपणे काढलेले आकडे जुळले की पाठ शुद्ध मानला जातो. हस्तलिखिते ताडून पाहणाऱ्या संपादकाची शिस्त याहून फार निराळी नसते.

पाठभेदही इथे आहेत. कार्डावर असते ती बहुधा पहिली आवृत्ती. नंतर कंपनी दुरुस्त्या पाठवते. त्या यंत्राच्या मेमरी कार्डावर बसतात आणि खेळताना मूळ पाठाची जागा घेतात. संवाद बदलतात, प्रसंग सुधारले जातात, कधी काही गाळलेही जाते. दुरुस्ती नसलेले कार्ड आणि दुरुस्त्यांसह असलेली राखीव प्रत या दोन्ही हाती असल्या तरच तौलनिक अभ्यास शक्य होतो. खेळांवर शोधनिबंध लिहिणाऱ्या विद्यार्थ्याने आपण कोणत्या आवृत्तीविषयी बोलतो आहोत हे सांगितलेच पाहिजे. ग्रंथाची आवृत्ती न सांगता उद्धृत करणाऱ्याला आपण माफ करीत नाही.

सेव्हची गोष्ट आम्हांला याहूनही महत्त्वाची वाटते. १९८९ साली आलेल्या गेम बॉय या यंत्राच्या अनेक कॅसेटींमध्ये खेळाडूची प्रगती टिकवण्यासाठी घड्याळात असते तशी चपटी बॅटरी बसवलेली असे. १९९६ साली जपानमध्ये निघालेले पोकेमॉनचे पहिले खेळ याच पद्धतीचे. ही बॅटरी पुष्कळ वर्षे चालते आणि एक दिवस संपते. खेळाची आज्ञावली तशीच राहते. पण बाराव्या वर्षी कोणी तरी उन्हाळ्याच्या सुटीत जमवलेले प्राणी, त्यांना ठेवलेली नावे, खर्च केलेले तास हे सारे पुसले जाते. कॅसेट बाजारात पुन्हा मिळेल. पुसलेली नोंद मिळणार नाही. आज्ञावली ही छापील संहिता मानली तर सेव्ह म्हणजे समासातल्या टिपा, दुमडलेली पाने, अधोरेखिते. वाचकाच्या प्रतिसादाला समीक्षेत आज जे स्थान आहे ते लक्षात घेता, प्रत्येक वाचनाची अशी तपशीलवार खूण मागे ठेवणारे दुसरे माध्यम चटकन आठवत नाही. कंपनीच्या दृष्टीने या खुणेला विक्रीमूल्य नाही, त्यामुळे ती कोणी पुन्हा प्रकाशित करणार नाही. ती राखायची तर ज्याची आहे त्यानेच राखायला हवी. थ्रीडीएसच्या कित्येक खेळांत मालकाने यंत्राची दारे उघडल्याशिवाय त्याची स्वतःची सेव्ह स्वतंत्रपणे बाहेर काढून ठेवता येत नाही, ही त्यातली विसंगती आहे.

आता विरुद्ध बाजूचे म्हणणे. ते टाळून पुढे जाणे अप्रामाणिकपणाचे होईल. ज्या आज्ञावलीने मालक आपल्या कार्डाची नक्कल काढतो तिनेच चोराला इतरांच्या नकला चालवता येतात. 'बॅकअप' या शब्दाच्या आडून हजारो न घेतलेले खेळ उतरवून घेणारे आणि त्या ढिगाला 'माझा संग्रह' म्हणणारे लोक आहेत, आणि ते थोडे नाहीत. २०२४ साली निन्टेंडोने 'युझू' या आज्ञावलीच्या कर्त्यांवर अमेरिकेत दावा लावला. एक बहुप्रतीक्षित खेळ प्रकाशित होण्यापूर्वीच दहा लाखांहून अधिक वेळा बेकायदा उतरवला गेला, असा कंपनीचा आरोप होता. २४ लाख डॉलर देण्याच्या तडजोडीने प्रकरण मिटले. त्याच ओघात 'सिट्रा' ही थ्रीडीएसचे खेळ संगणकावर चालवणारी आज्ञावलीही बंद करण्यात आली. म्हणजे ज्याने स्वतःच्या कार्डांच्या प्रामाणिक प्रती काढल्या त्याचे वाचनाचे एक साधनही चोरांच्या हिशेबात गेले. कंपनीचा संताप आम्हांला समजतो. लेखकाचे, कलावंताचे, लहान निर्मात्याचे पोट विक्रीवर चालते. पुस्तकांच्या छायाप्रती सर्रास काढणाऱ्या आपल्या महाविद्यालयीन जगाला तर हे वेगळे सांगायला नको.

परंतु चोर आणि जपणारा एकच हत्यार वापरतात, यावरून दोघांची कृती एक ठरत नाही. भेद हत्यारात शोधला तर तो सापडणार नाही. हेतूत आणि परिणामात शोधला पाहिजे. आपला कायदा याबाबतीत अनेकांना वाटतो त्याहून समंजस आहे. कॉपीराइट कायद्याच्या ५२व्या कलमात संगणक-आज्ञावलीची प्रत कायदेशीरपणे बाळगणाऱ्याला नाश, हानी किंवा गहाळ होणे यांपासून तात्पुरते संरक्षण म्हणून राखीव प्रत काढण्याची मुभा आहे. २०१२च्या दुरुस्तीने आलेले ६५-अ हे कलम तांत्रिक कुलपे तोडण्याला शिक्षा सांगते, पण ती हक्कभंगाच्या हेतूने तोडणाऱ्याला. अमेरिकेच्या १९९८च्या कायद्याने कुलूप तोडणे हाच मुळात स्वतंत्र गुन्हा केला आणि अपवादांसाठी दर तीन वर्षांनी दाद मागण्याची पद्धत घातली. हेतू पाहणारी आपली रचना आम्हांला अधिक न्याय्य वाटते. हेतू मात्र आचरणातून दिसावा लागतो. म्हणून राखीव प्रत काढणाऱ्याने तीन पथ्ये पाळावीत असे आम्ही म्हणू. जे स्वतः घेतले त्याचीच प्रत काढावी. ती कोणाला वाटू नये. आणि मूळ कार्ड विकले किंवा देऊन टाकले तर प्रतही त्याबरोबर द्यावी अथवा पुसून टाकावी. तिसरे पथ्य सर्वांत अवघड आहे, आणि खरा संग्राहक कोण हे त्यावरूनच ठरते.

इथवर वैयक्तिक नीतीचा विचार झाला. पण तेवढ्यावर थांबता येणार नाही. कायद्याने दिलेली मुभा 'तात्पुरत्या' संरक्षणाची आहे. एका माणसाच्या कपाटातला संग्रह त्या माणसाच्या आयुष्याइतकाच टिकतो, आणि कधी तेवढाही नाही. टिकाऊ जतन हे संस्थांचे काम आहे, आणि संस्थांचे हात बांधलेले आहेत. 'व्हिडिओ गेम हिस्टरी फाउंडेशन' या अमेरिकी संस्थेने २०२३ साली केलेल्या पाहणीत असे आढळले की अमेरिकेत २०१०पूर्वी प्रकाशित झालेल्या खेळांपैकी ८७ टक्के खेळ आज बाजारात उपलब्ध नाहीत. ग्रंथालयांना असे खेळ संशोधकांना दुरून पाहू देण्याची परवानगी मिळावी, ही मागणी अमेरिकेच्या कॉपीराइट कार्यालयाने ऑक्टोबर २०२४मध्ये फेटाळली. प्रकाशकांच्या संघटनेचा तिला विरोध होता. हस्तलिखित पाहायला परगावी जाणे आपल्या संशोधकांना नवे नाही. पण जी वस्तू मुळातच आकड्यांची आहे तिच्यासाठी संशोधकाने विमानाचे तिकीट काढावे, यात कसले संरक्षण साधते ते आम्हांला कळत नाही.

आपल्याकडे परिस्थिती याहून बरी नाही. १९५४च्या कायद्याने प्रत्येक प्रकाशकाला आपल्या पुस्तकाच्या प्रती कोलकात्याच्या राष्ट्रीय ग्रंथालयासह ठरावीक सार्वजनिक ग्रंथालयांना द्याव्या लागतात. हा कायदा पुस्तकांपुरता आणि पुढे वृत्तपत्रांपुरता आहे. कॉपीराइट कायदा ज्या आज्ञावलीला साहित्यकृती म्हणतो तिला या कायद्याच्या दारात जागा नाही. कॉपीराइट कायद्यातच सार्वजनिक ग्रंथालयांना जतनासाठी डिजिटल प्रत करण्याची मुभा आहे, पण अट अशी की त्या कृतीची डिजिटल नसलेली प्रत ग्रंथालयाकडे आधीपासून असावी. जी कृती जन्मतःच डिजिटल आहे तिची डिजिटल नसलेली प्रत आणायची कुठून? म्हणजे व्यक्तीला तात्पुरती मुभा आहे आणि ज्या संस्थेने कायमचे राखायचे तिला मुभाच नाही. भारतात तयार झालेल्या खेळांनाही हीच अडचण लागू आहे, आणि केवळ डिजिटल रूपात निघणाऱ्या मराठी पुस्तकांनाही ती उद्या लागू होणार आहे. म्हणून हा प्रश्न मुलांच्या करमणुकीचा म्हणून बाजूला सारणे साहित्याच्या लोकांना परवडणारे नाही.

आमची मागणी मोठी नाही. जन्मतः डिजिटल असलेल्या कृतीची प्रत जतनासाठी ठेवण्याचा स्पष्ट अधिकार सार्वजनिक ग्रंथालयांना आणि विद्यापीठांना मिळावा. बाजारातून उठलेली कृती अभ्यासकाला संस्थेच्या देखरेखीखाली पाहता यावी. आणि ज्या व्यक्तींनी आज पथ्ये पाळून आपले संग्रह राखले आहेत त्यांना ते संग्रह, आपल्या सेव्हसकट, संस्थेला दान करण्याची कायदेशीर वाट असावी. ग्रंथसंग्राहकाच्या पश्चात त्याचे वारस कपाटेच्या कपाटे ग्रंथालयाला देतात, त्यात कोणाला वावगे वाटत नाही.

तोवर ज्यांच्याजवळ अशी यंत्रे आहेत त्यांनी आपल्या कार्डांची यादी करावी, सेव्ह आधी काढून ठेवाव्यात, प्रत ताडून पाहावी, ती एकाच जागी ठेवू नये आणि सोबत एका कागदावर काय कुठे आहे हे लिहून ठेवावे. बॅटऱ्या संपत आहेत आणि यंत्रे म्हातारी होत आहेत. कायद्यात बदल होण्यास वर्षे लागतील. आज जे उतरवून ठेवले जाणार नाही ते त्या बदलाच्या वेळी द्यायला उरलेले नसेल.